१९२० चा हंगाम : संघातला बाळू, संघाबाहेरचा बाळू

मैदानावर फक्कीच्या रेघा मारणे हे माझ्या वडिलांचे काम होते. धुळ्यातल्या एका महाविद्यालयात ते रोजंदारीवर होते. पावसाळा सरला की गवत कापायचे, खड्ड्यांत मुरूम भरायचा, दोघा-तिघांनी मिळून रूळ ओढायचा आणि सामन्याच्या आदल्या संध्याकाळी सुतळी ताणून फुटबॉलचे मैदान आखायचे. त्यांची रेघ कधी हलली नाही. ‘रेघ वाकडी पडनी ते खेय वाकडा व्हस,’ असे ते म्हणत. सामना सुरू झाला की मात्र रेघेच्या आत त्यांचे काम नसे. प्राचार्य, पाहुणे, संस्थेचे पदाधिकारी मांडवात बसत. वडील गोलपोस्टच्या मागे निंबाखाली उभे राहून बाहेर गेलेला चेंडू आत फेकत.

त्याच महाविद्यालयात मी शिकलो आणि २००७ च्या हंगामात तिथल्या फुटबॉल संघात राखीव खेळाडू होतो. खानदेश हा काही फुटबॉलचा मुलूख नव्हे. आमच्याकडे कुस्ती, कबड्डी आणि आता गल्लोगल्ली क्रिकेट. फुटबॉलला येत ती मोहल्ल्यातली आणि आमच्या वस्तीतली पोरे. एका चेंडूवर बावीस जणांचे भागते, हे त्याचे एक कारण असावे. आमच्या संघाचा सगळा खेळ मधल्या फळीतल्या एका मुलाभोवती फिरत असे. तो आमच्याच वस्तीतला. त्याची आई जिनिंगमध्ये कापूस वेचायला जायची. तोच कर्णधार होणार हे आम्ही सगळे धरून चाललो होतो. फलकावर नाव लागले ते दुसऱ्याचे. कारण विचारल्यावर उत्तर मिळाले, की कर्णधाराला स्टेजवर दोन शब्द बोलावे लागतात, पाहुण्यांना सामोरे जावे लागते. ह्याला ते जमणार नाही.

तो काही बोलला नाही. आम्हीही काही बोललो नाही. वस्तीतले चौघे होतो आम्ही त्या संघात. पहिल्या सामन्याच्या सकाळी चौघेही वेळेवर हजर होतो, बुटाच्या नाड्या बांधून. संघ दुसऱ्या फेरीत हरला. पुढच्या वर्षी तो मुलगा मैदानावर आला नाही.

ही गोष्ट इतकी साधी आहे की तिला इतिहास म्हणण्याचे कारण नाही. पण पुढे मी इतिहासाचा शिक्षक झालो आणि १९२० सालच्या मुंबईतल्या एका क्रिकेट हंगामाची हकिगत वाचनात आली, तेव्हा मला आमचे ते चौघे आठवले. कारण तिथेही प्रश्न कर्णधारपदाचाच होता. फरक एवढाच, की तिथे दोघे जण सामन्याच्या सकाळी हजर राहिले नाहीत.

त्या दोघांची नावे विठ्ठल पालवणकर आणि शिवराम पालवणकर. ज्याच्यासाठी ते हजर राहिले नाहीत तो त्यांचा थोरला भाऊ, पालवणकर बाळू.

आमच्या विद्यार्थ्यांना बाळू माहीत नसतो. देवधर करंडक माहीत असतो, रणजी करंडक माहीत असतो. म्हणून थोडे मागून सांगितले पाहिजे. बाळूचा जन्म १८७६ चा, धारवाडचा. घराणे मूळचे रत्नागिरीकडच्या पालवण गावचे, जात चांभार. वडील लष्करात चाकरीला. इंग्रजांच्या पलटणींनी अस्पृश्यांसाठी जी थोडीफार दारे किलकिली केली, त्यांपैकीच एका दारातून हे कुटुंब पुण्यात आले. साहेब लोकांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि चेंडू घेऊन ही भावंडे खेळायला शिकली. बाळूची पहिली नोकरी पारशांच्या एका क्लबात होती. खेळपट्टी झाडायची, रूळ फिरवायचा आणि सवड मिळाली तर सभासदांना सरावासाठी चेंडू टाकायचे. पगार महिना तीन रुपये. १८९२ च्या सुमारास तो युरोपियनांच्या पूना क्लबात गेला. तिथे पगार चार रुपये, आणि जाळ्या उभारणे, खेळपट्टी राखणे, टेनिसचे कोर्ट आखणे ही कामे.

हे मी वडिलांना वाचून दाखवले तेव्हा त्यांनी एवढेच विचारले, ‘रूळ एकटा वढे का?’

ह्या पूना क्लबात ग्रेग नावाचा एक लष्करी अधिकारी होता, नावाजलेला फलंदाज. तो इतरांच्या आधी येऊन तासन्‌तास बाळूकडून गोलंदाजी करून घेई. बाळूने त्याला बाद केले की दर वेळी आठ आणे देई, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका खरी असो वा नसो, एक गोष्ट खरी, की त्या क्लबात बाळूने हजारो चेंडू टाकले आणि त्याच्या हाती बॅट कोणी दिली नाही. फलंदाजी ही साहेबाची, गोलंदाजी नोकराची. येथे जरा थांबून विचार केला पाहिजे. गोलंदाजी हे श्रमाचे काम आहे. धावत यायचे, खांदा मोडेस्तोवर चेंडू टाकायचा, पुन्हा मागे जायचे. आपल्या व्यवस्थेने श्रम ज्यांच्या वाट्याला दिले त्यांच्याच वाट्याला खेळातही श्रमाचा भाग आला, ह्यात मला आश्चर्य वाटत नाही. आश्चर्य ह्याचे वाटते, की त्या श्रमातून त्याने अशी कला उभी केली की पुढे त्याच्यावाचून कोणाचे चालेना.

पुण्याच्या हिंदूंना युरोपियनांना हरवायचे होते. डावखुरा, मंद, चेंडू दोन्ही बाजूंना वळवणारा असा गोलंदाज त्यांच्या डोळ्यांसमोर होता. पण तो चांभार. संघात मतभेद झाले. शेवटी त्याला घेतले. मैदानावर सवर्ण खेळाडू त्याने टाकलेल्या चेंडूला हात लावू लागले, कारण हात लावल्यावाचून झेल घेता येत नाही. चहाच्या सुट्टीत मात्र इतरांना तंबूत चिनी मातीच्या कपांतून चहा, आणि बाळूला तंबूबाहेर मातीच्या मडक्यातून. ते मडके नंतर फेकून द्यायचे. जेवायला वेगळी जागा, वेगळे पात्र. चामड्याचा चेंडू चालत होता, चांभाराचा पेला चालत नव्हता. न्यायमूर्ती रानड्यांनी ह्यावर खेळाडूंना सुनावले होते, की त्याच्याबरोबर खेळता तर त्याच्याबरोबर चहा घ्यायला आणि जेवायलाही बसले पाहिजे. असे सांगणारे लोक होते, हेही नोंदवले पाहिजे. पण मडकी फुटत राहिली.

पुण्यात प्लेग आला त्या सुमारास बाळू मुंबईला गेला. तिथे हिंदू जिमखान्यात त्याला घ्यावे की नाही ह्यावरून पुन्हा तेच झाले आणि पुन्हा त्याच्या चेंडूनेच निकाल लावला.

आता त्या काळच्या मुंबईतली क्रिकेट स्पर्धा समजून घेतली पाहिजे, नाहीतर १९२० चे महत्त्व कळणार नाही. संघ जिल्ह्याचे किंवा शहराचे नव्हते, धर्माचे होते. युरोपियन आणि पारशी आधीपासून खेळत. फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदूंनी युरोपियनांना १०९ धावांनी हरवले; बाळू आणि शिवराम दोघेही त्या संघात होते. जपानने रशियाला हरवल्याला वर्षही झाले नव्हते, स्वदेशीची चळवळ ऐन भरात होती. क्रिकेटमधल्या त्या विजयाचाही डंका झाला. १९०७ पासून तिरंगी सामने सुरू झाले, आणि १९१२ मध्ये मुसलमानांचा संघ आल्यावर ते चौरंगी झाले. म्हणजे मैदानावर उतरणारा प्रत्येक जण कोणत्या तरी धर्माचा म्हणूनच उतरे. बाळू ‘हिंदू’ म्हणून उतरला. देवळात नाही, पाणवठ्यावर नाही, पंक्तीत नाही. पण गुणफलकावर तो हिंदू. ज्यांनी त्याला हिंदू म्हणून कुठेही जवळ केले नव्हते त्यांना विरोधी संघाचे बळी मोजताना तो हिंदू हवा होता. पुढे १९३२ मध्ये मतदारसंघांच्या वादात हीच मोजणी आपल्याला मोठ्या प्रमाणावर दिसते. तिचा लहान नमुना ह्या मैदानावर आधीच घडून गेला होता.

१९११ च्या उन्हाळ्यात पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली हिंदी संघ इंग्लंडला गेला. संघ बरेच सामने हरला. लेस्टरशायर आणि सॉमरसेट ह्या काउंटी संघांना मात्र त्याने हरवले. त्या दौऱ्यात पस्तिशीतल्या बाळूने सर्व सामने धरून ११४ बळी घेतले. त्याच उन्हाळ्यात, २९ जुलैला, कलकत्त्यात मोहन बागान संघाने ईस्ट यॉर्कशायर पलटणीच्या संघाला फुटबॉलमध्ये २-१ असे हरवून शील्ड जिंकली. अकरापैकी दहा जण अनवाणी खेळले होते. त्या अनवाणी पायांची गोष्ट आपण सगळे ऐकत आलो आहोत. ते पाय बहुतेक भद्रलोकांच्या घरातले होते. ज्याच्या जातीने पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्यांच्या पायांसाठी वहाणा शिवल्या, त्याने त्याच महिन्यांत इंग्लंडमध्ये काय केले ही गोष्ट मात्र आमच्या शाळेत कोणी सांगितली नाही.

परतल्यावर मुंबईत अस्पृश्य समाजाने बाळूचा सत्कार केला. त्यावेळी जे मानपत्र दिले गेले ते तरुण भीमराव आंबेडकरांनी तयार केले होते, असे लिहिले गेले आहे. भीमराव तेव्हा वीस वर्षांचे, एल्फिन्स्टनमध्ये शिकत होते. बाळू हा त्या काळच्या अस्पृश्य तरुणांचा केवढा मोठा आधार होता हे ह्यावरून कळते. महाविद्यालयात पाऊल टाकलेला अस्पृश्य बोटांवर मोजण्याइतका होता तेव्हा ज्याचे नाव वर्तमानपत्रात सन्मानाने छापून येई असा हा एक माणूस होता.

पण कर्णधारपद? १९१० नंतर दरवर्षी हा प्रश्न येई आणि दरवर्षी बाजूला पडे. कर्णधार होते एम. डी. पै, सारस्वत. ते मनाने उदार असले पाहिजेत. १९१३ मध्ये झालेल्या सत्कारात त्यांनी स्वतःच सांगितले, की हा मान माझ्यापेक्षा ज्येष्ठ आणि अनुभवी अशा बाळूला मिळायला हवा होता. पै हे म्हणाले, टाळ्या पडल्या असतील, आणि पुढच्या वर्षीही कर्णधार बाळू नव्हता. एका सवर्णाच्या उदारपणाने जे होत नाही त्याचे हे उत्तम उदाहरण आहे. कर्णधार ठरवणारी समिती वेगळी, कर्णधाराचे मन वेगळे.

बाळूला बळी घेऊ दिले जात होते, मग कर्णधार का होऊ दिले जात नव्हते? माझ्या मते उत्तर सरळ आहे. बळी घेणारा काम करतो. कर्णधार सांगतो – तू इथे उभा राहा, तू तिकडे जा, आता तू चेंडू टाक, तू थांब. दहा जणांनी ऐकायचे असते. चांभाराचे काम घेणे ह्या समाजाला नवे नव्हते. त्याची आज्ञा घेणे नवे होते. ‘स्टेजवर बोलता येणार नाही’ हे मला २००७ मध्ये ऐकावे लागलेले कारण त्याच आज्ञेच्या भीतीचे सुधारलेले रूप होते, असे आज वाटते.

१९२० साल हे आपल्या इतिहासात असेच येत नाही. त्या वर्षी ३१ जानेवारीला ‘मूकनायक’ निघाले. मार्चमध्ये माणगावला परिषद झाली आणि शाहू महाराजांनी अस्पृश्यांना सांगितले की तुम्हाला तुमचा पुढारी सापडला आहे. मेअखेर नागपूरची परिषद. जुलैमध्ये बाबासाहेब अपुरे शिक्षण पुरे करायला लंडनला गेले. दुसरीकडे काँग्रेसने असहकार स्वीकारला, आणि डिसेंबरच्या नागपूर अधिवेशनात अस्पृश्यता निवारणाचाही उच्चार झाला. अशा वर्षाच्या अखेरीला चौरंगी सामन्यांसाठी हिंदूंचा संघ निवडला गेला.

निवड समितीने बाळूला वगळले. पै पहिल्या सामन्याला उपलब्ध नव्हते, म्हणून मुसलमानांविरुद्धच्या त्या सामन्यासाठी कर्णधार नेमले गेले ते पुण्याचे प्राध्यापक दि. ब. देवधर. देवधर तेव्हा अठ्ठावीस वर्षांचे. ते फार मोठे फलंदाज होते, पुढे महाराष्ट्राच्या क्रिकेटचे आधारस्तंभ झाले, शंभरी ओलांडून १९९३ मध्ये वारले. त्यांच्या गुणांबद्दल वाद नाही. वाद आहे तो समितीने लावलेल्या मापाबद्दल. विठ्ठल आणि शिवराम हे दोघेही संघात देवधरांहून जुने होते, आणि विठ्ठल तर त्या वेळचा हिंदूंचा आघाडीचा फलंदाज. ज्येष्ठतेने पाहिले तरी, खेळाने पाहिले तरी, नाव पालवणकरांपैकी एकाचे यायला हवे होते. जातीने पाहिले तरच ते येत नव्हते.

विठ्ठल आणि शिवराम ह्यांनी संघातून नावे काढून घेतली. नुसती काढून घेतली नाहीत; आम्ही का खेळत नाही हे त्यांनी लेखी आणि जाहीरपणे सांगितले. आम्ही दलित म्हटल्या जाणाऱ्या वर्गातले म्हणून आमच्याशी होणारा पक्षपात आम्ही सहन करणार नाही, असा त्या निवेदनाचा आशय होता.

ह्या कृतीकडे वाचकांनी नीट पाहावे. महाडचा सत्याग्रह १९२७ चा, काळाराम मंदिराचा १९३० चा. त्याआधी सात वर्षे दोन चांभार भाऊ मुंबईसारख्या शहरात, हजारो प्रेक्षकांसमोरच्या स्पर्धेत, आपले कौशल्य रोखून धरतात आणि त्याचे कारण जात आहे असे छापून सांगतात. आपल्याकडे गावकीची कामे नाकारण्याला आपण बंड म्हणतो – मेलेले ढोर न ओढणे, दवंडी न देणे. ते बंडच आहे. पण ते नाकारणे होते घाणीचे. इथे त्यांनी नाकारले ते ज्यात त्यांचा जीव होता ते. खेळाडूला खेळ सोडणे किती जड जाते हे मैदानावर गेलेल्यालाच कळते. आम्ही चौघे २००७ मध्ये नाड्या बांधून गेलो त्याचे खरे कारण भीती नव्हती. आम्हाला खेळायचे होते. तेवढ्यासाठी आम्ही बाकीचे सगळे गिळले.

त्यांच्या नकाराने काय झाले? बोलबाला झाला, लोकमत भावांच्या बाजूने वळले. पारशांविरुद्धच्या अंतिम सामन्यासाठी पै कर्णधार म्हणून परतले, बाळूला संघात घेतले गेले आणि उपकर्णधार केले गेले, विठ्ठल आणि शिवरामही आले. त्या सामन्यात पै काही वेळ मैदान सोडून गेले आणि तेवढ्या वेळेपुरता बाळू हिंदूंच्या संघाचा कर्णधार झाला. सामना अनिर्णित राहून अजिंक्यपद दोघांत विभागले गेले.

कोणी म्हणेल, बाळू त्या वेळी चव्वेचाळीस वर्षांचा होता, वयामुळे वगळला असेल. हा आक्षेप अगदीच टाकाऊ नाही. चव्वेचाळीसाव्या वर्षी कोणालाही वगळता येते. पण मग थोड्याच दिवसांनी तो उपकर्णधार कसा झाला? एवढ्या अवधीत त्याचे वय तर कमी झाले नव्हते. आणि तो पस्तीस वर्षांचा होता, इंग्लंडमध्ये शंभरावर बळी घेत होता, तेव्हा कोणते वय आडवे आले?

पै मैदान सोडून गेले ते घटकाभर माझ्या डोळ्यांसमोर राहते. अठ्ठावीस वर्षांपूर्वी ज्याने चार रुपयांवर जाळ्या बांधल्या तो माणूस हाताच्या खुणेने सवर्ण पोरांना जागा दाखवतो आहे. ती सत्ता त्याला देणगी म्हणून, उसनी मिळाली होती. अधिकृत नोंदीत तो कधीही कर्णधार नाही.

ते झाले १९२३ मध्ये, विठ्ठलच्या रूपाने. त्या वर्षी तो हिंदूंचा कर्णधार झाला आणि हिंदूंनी स्पर्धा जिंकली. लोकांनी त्याला खांद्यावर घेतले. हिंदू समाजाने जातिभेद गाडला, असे लेख आले. श्रेय गांधीजींच्या प्रचाराला दिले गेले. त्या प्रचाराचा हवेवर परिणाम झाला नसेल असे मी म्हणत नाही. पण १९२० मध्ये दोघा भावांनी पॅड बांधायला नकार दिला नसता तर १९२३ आले असते का? श्रेय वाटताना त्यांचा वाटा फार लहान काढला गेला. आणि जातिभेद किती गाडला गेला होता हेही पाहू. त्याच १९२३ च्या ऑगस्टमध्ये मुंबई कायदेमंडळात सी. के. बोले ह्यांचा ठराव मंजूर झाला, की सरकारी खर्चाच्या विहिरी, तळी, धर्मशाळा अस्पृश्यांना खुल्या असाव्यात. म्हणजे ज्या वर्षी चांभाराच्या हुकमाने हिंदूंचा संघ खेळला त्या वर्षी अस्पृश्याने सार्वजनिक पाणी प्यावे की नाही ह्यावर ठराव करावा लागत होता. ठराव झाला तरी चवदार तळ्याचे पाणी प्यायला १९२७ ची वीस मार्च उजाडली, आणि त्यासाठी डोकी फुटली.

आमच्या खानदेशातलीच गोष्ट घ्या. २३ ऑक्टोबर १९२९. अस्पृश्यांच्या तक्रारींची चौकशी करणाऱ्या सरकारी समितीचे सभासद म्हणून बाबासाहेब इकडे आले होते. धुळ्याच्या फाट्यावरच्या एका गावातल्या बहिष्काराची चौकशी करून ते चाळीसगाव स्टेशनवर परतले. महारवाड्यात मुक्काम होता. स्टेशनवर टांगे उभे होते, पण एकही टांगेवाला अस्पृश्याला बसवून टांगा हाकायला तयार होईना. शेवटी तोड निघाली, की टांगा भाड्याने देतो, हाकणारा तुमचा आणा. ज्याने कधी लगाम धरला नव्हता अशा एका महाराने टांगा हाकला. नदीवरच्या कठडा नसलेल्या फरशीवर चाक अडकले, बाबासाहेब दगडांवर फेकले गेले, त्यांचा पाय मोडला, घोडा आणि टांगा नदीत गेले. ही हकिगत त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे. विठ्ठल पालवणकर हिंदूंचा कर्णधार होऊन तेव्हा सहा वर्षे लोटली होती. चाळीसगावच्या टांगेवाल्यापर्यंत ती बातमी पोचली नव्हती असे म्हणावे, की पोचूनही तिचा त्याच्याशी काही संबंध नव्हता असे म्हणावे? मला दुसरे खरे वाटते. विजय मिळवून देणाऱ्या एका चांभाराला खांद्यावर घेणे आणि आपल्या टांग्यात एका महाराला बसवून त्याच्यासाठी लगाम धरणे ह्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

आता जे सांगायचे ते आपल्यातलेच आहे, आणि ते सांगताना मला संकोच वाटतो. बाळूला सवर्णांनी विसरणे स्वाभाविक होते. आपण त्याला का विसरलो? तर १९३२ मध्ये स्वतंत्र मतदारसंघांच्या प्रश्नावर तो बाबासाहेबांच्या विरुद्ध बाजूला होता. पुणे करारावर त्याची सही आहे. १९३५ ची धर्मांतराची घोषणा त्याला मानवली नाही. आणि १९३७ च्या निवडणुकीत मुंबईत काँग्रेसने बाबासाहेबांच्या विरुद्ध त्यालाच उभे केले. बाबासाहेबांना १३,२४५ मते पडली, बाळूला ११,२२५. त्याच निवडणुकीत पूर्व खानदेशातून स्वतंत्र मजूर पक्षाचे दौलत गुलाजी जाधव निवडून आले होते. आमच्या म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यात त्या निवडणुकीची आठवण अजून येते, आणि तिच्यात बाळू येतो तो फक्त ‘काँग्रेसचा माणूस’ म्हणून.

बाळूचे राजकारण चुकले असे माझे मत आहे. आयुष्यभर हिंदूंच्या संघातून खेळलेल्या माणसाला हिंदूंच्या संघातच न्याय मिळेल असे वाटत राहिले. १९२० आणि १९२३ ने त्याची ती आशा खरी ठरवल्यासारखे केले. बाबासाहेबांनी तो अनुभव बाहेरून पाहिला आणि उलटा निष्कर्ष काढला, की जो संघ उपकर्णधारपदासाठी एवढा रडवतो त्याच्याबाहेर पडले पाहिजे. काँग्रेसने बाळूला उभे केले ते त्याचे राजकारण पाहून नव्हे, त्याचे नाव पाहून. पुन्हा एकदा त्याचा चेंडू हवा होता. हे सगळे खरे. तरीही १९३७ चा राग १९२० वर काढणे हा इतिहास नव्हे. आणि आणखी एक कडू गोष्ट बोलून टाकतो. तो महार असता तर आपण त्याला एवढे विसरलो असतो का? ‘तो त्यांचा’ हे वाक्य मी आपल्याच बैठकांत ऐकले आहे.

विठ्ठलने ‘माझे क्रीडा-जीवन’ नावाचे आत्मकथन लिहिले. ते १९४८ मध्ये मुंबईत छापले गेले. ‘बलुतं’ आले १९७८ मध्ये. दलित आत्मकथनांवर आपण इतके परिसंवाद केले, पण तीस वर्षे आधीचे हे पुस्तक त्यांत क्वचितच येते. खेळाचे पुस्तक म्हणून ते एका कपाटात राहिले आणि दलित साहित्य दुसऱ्या.

बाळू ४ जुलै १९५५ ला मुंबईत वारला.

गेल्या वर्षी ३१ जुलैला धुळ्याजवळ लळिंगच्या लांडोर बंगल्यावर गेलो होतो. १९३७ मध्ये, ती निवडणूक जिंकल्यावर काही महिन्यांनी, न्यायालयीन कामासाठी धुळ्याला आलेले बाबासाहेब ह्या तारखेला तिथे राहिले होते. दरवर्षी तिथे लोक जमतात, पुस्तकांची दुकाने लागतात, भीमगीते चालतात. पावसाची भुरभुर होती. आमच्या महाविद्यालयातली काही मुले बरोबर होती, त्यांत फुटबॉल खेळणारी दोघे होती. चहा घेता घेता मी त्यांना बाळूची गोष्ट सांगितली. शेजारी एक वृद्ध गृहस्थ बसले होते, जुने कार्यकर्ते. मधेच म्हणाले, ‘सर, तो बाबासाहेबांच्या विरुद्ध उभा होता, हे पोरांना सांगितलं का?’

मी म्हटले, सांगतो आहे, बाबा. मतांचे आकडे सांगितले. त्यांनी मनातल्या मनात वजाबाकी केली आणि म्हणाले, ‘दोन हजार वीस.’ मग बराच वेळ काही बोलले नाहीत. कप खाली ठेवल्यावर त्यांनी विचारले, ‘आणि ते दोघे भाऊ खेळायला गेलेच नाहीत म्हणता?’

‘पहिल्या सामन्याला नाही.’

‘मग त्यांचं सांगा,’ ते म्हणाले, आणि मुलांना जवळ सरकून बसायला सांगितले.